आठवणीला मिती लावणारे घर : भारत इतिहास संशोधक मंडळाची वाटचाल

संस्थेचा इतिहास सांगायचा तर आरंभी तारीख हवी, आणि या संस्थेच्या बाबतीत ती बिनचूकच हवी. शके १८३२, साधारण नाम संवत्सर, आषाढ शुद्ध प्रतिपदा, गुरुवार. इंग्रजी तारीख ७ जुलै १९१०. या दिवशी विश्वनाथ काशिनाथ राजवाडे आणि सरदार खंडेराव चिंतामण मेहेंदळे यांनी पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळाची स्थापना केली. एका दिवसाला एवढी विशेषणे कशाला, असे एखाद्या वाचकाला वाटेल. पण शक, संवत्सर, मास, पक्ष, तिथी आणि वार ही सहा अंगे एकमेकांशी जुळतात की नाही हे पाहण्यातच मंडळातल्या माणसांची आयुष्ये खर्ची पडली. त्यांच्या घरच्या स्मरणिकेत तारीख आखडती घेऊन चालायचे नाही.

मंडळाने शंभराहून अधिक वर्षांत काय केले, याचे उत्तर संग्रह, प्रकाशने आणि व्याख्याने अशा तीन रकान्यांत मांडता येईल. या लेखात त्या तिन्हींमधून जाणारा एकच धागा धरला आहे. महाराष्ट्राकडे आठवणींचा तुटवडा कधीच नव्हता. पोवाडे होते, बखरी होत्या, घराघरांत आजोबा-पणजोबांच्या कथा होत्या. नव्हत्या त्या मित्या, म्हणजे नेमके दिवस आणि वर्षे. आठवणीला मिती लावण्याचे काम मंडळाने पत्करले, आणि ते करताना कधी आठवण खरी ठरली, कधी खोटी, तर कधी दोन्हींपैकी काहीच ठरवता आले नाही.

स्थापनेपूर्वी

मंडळ आकाशातून पडले नाही. १८७८ साली काशिनाथ नारायण साने आणि जनार्दन बाळाजी मोडक यांनी विष्णुशास्त्री चिपळूणकरांच्या साथीने ‘काव्येतिहाससंग्रह’ सुरू केला, तेव्हा बखरी आणि पत्रे प्रथमच छापून लोकांसमोर येऊ लागली. मिरजेचे वासुदेवशास्त्री खरे पटवर्धनांच्या दप्तरावर बसले होते. साताऱ्याचे दत्तात्रय बळवंत पारसनीस कागद जमवीत होते. हे सगळे एकेकटे झुंजत होते. कोणाच्या हाती काय लागले हे दुसऱ्याला कळायला छापून येईपर्यंत थांबावे लागे.

त्याच काळात कालगणनेचाही पाया घातला जात होता. दापोलीजवळच्या मुरूडचे शंकर बाळकृष्ण दीक्षित यांचा ‘भारतीय ज्योतिःशास्त्र’ हा ग्रंथ १८९६ साली निघाला. त्याच वर्षी रॉबर्ट सेवेल यांच्याबरोबर त्यांनी भारतीय पंचांगावर लिहिलेले इंग्रजी पुस्तकही प्रसिद्ध झाले. जुन्या लेखातली तिथी इंग्रजी तारखेत कशी बसवावी याची रीत त्यात कोष्टकांसह दिली होती. पुढे दोनच वर्षांत, १८९८ साली, राजवाड्यांच्या ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड निघाला. एकाने काळ मोजण्याचे साधन दिले, दुसऱ्याने मोजण्याजोगे कागद. दोहोंची गाठ पडायला एक जागा हवी होती.

राजवाडे

संस्थापकाविषयी लिहिताना लेखणी जरा सावरून धरावी लागते, कारण राजवाड्यांभोवती दंतकथांचे इतके जाळे आहे की त्यांनीच ते पाहिले असते तर पुरावा मागितला असता. २४ जून १८६३ रोजी पूर्वीच्या कुलाबा जिल्ह्यातल्या वरसई गावी त्यांचा जन्म झाला. डेक्कन कॉलेजातून ते बी. ए. झाले. काही काळ त्यांनी ‘भाषांतर’ नावाचे मासिक चालवले. ऐन तारुण्यात पत्नी वारली. नंतर त्यांनी संसार मांडला नाही. इंग्रजी उत्तम येत असून लिहायचे ते मराठीतच, हा त्यांचा बाणा होता.

वाईला एका घरात त्यांना पेशवाईतल्या पत्रांचा साठा मिळाला आणि त्यांच्या आयुष्याला दिशा लागली. पहिल्या खंडात १७५० ते १७६१ या काळातली, म्हणजे पानिपतापर्यंतची, पत्रे आहेत. प्रस्तावनेत त्यांनी बखरी आणि पत्रे समोरासमोर बसवली. बखरकाराने पन्नास-साठ वर्षांनंतर सांगितलेली हकीकत आणि त्याच आठवड्यात छावणीतून लिहिलेले पत्र यांत फरक पडला की राजवाडे पत्राच्या बाजूने उभे राहत. बखरीत कोण कुठे होता, आधी काय घडले, नंतर काय घडले याचा घोळ कसा होतो, हे त्यांनी दाखवून दिले. या मालेचे बावीस खंड त्यांनी काढले. बहुतेक कागद गावोगाव फिरून, माळ्यावरचे कागदांचे रुमाल सोडवून मिळवलेले. कुठे घरधन्याने आदराने बसवले, कुठे जमिनीच्या दाव्याची भीती वाटून दारातूनच परत पाठवले. वाळवी, उंदीर, पाऊस आणि रद्दीवाला यांच्याशी त्यांची शर्यत होती.

इतिहास म्हणजे काय, याविषयी त्यांचे म्हणणे ठाम होते. काळ, स्थळ आणि व्यक्ती या तिहींची गाठ जुळली की प्रसंग सिद्ध होतो. एक जरी निसटले तरी उरते ती गोष्ट. मंडळाच्या कामाची घटना लिहिलेली असो वा नसो, तिचे पहिले कलम हेच होते.

स्वभावाने मात्र ते संस्थेत रमणारे नव्हते. तडजोड ठाऊक नाही, शब्दाला धार, आणि एकदा बिनसले की मागे वळून पाहणे नाही. ज्या मंडळाला त्यांनी जन्म दिला त्याच्याशीही त्यांचे मतभेद झाले आणि ते दूर गेले. अखेरची वर्षे त्यांनी धुळ्याला काढली; ३१ डिसेंबर १९२६ रोजी तेथेच त्यांचे देहावसान झाले. १९२७ साली धुळ्यात त्यांच्या नावाने राजवाडे संशोधन मंडळ उभे राहिले. रुसून गेलेल्या बापाने दुसऱ्या गावी आणखी एक बिऱ्हाड मांडावे, तसे हे झाले. आज दोन्ही घरे त्यांना आपला मूळ पुरुष मानतात.

मितीचे कोडे

कागद मिळाला म्हणजे काम झाले, असे बाहेरच्याला वाटते. खरे काम तेथून सुरू होते. मोडी लिपी वाचता आली, कागदाची घडी न मोडता उलगडता आली, तरी तळाशी किंवा माथ्यावर जी मिती असते ती उकलेपर्यंत पत्र मुके असते.

एक उदाहरण घेऊ. पत्रावर सुहूर सन दिलेला असतो, आणि तो अंकांत नसून अरबी शब्दांत असतो : ‘इहिदे सितैन मया व अलफ’. इहिदे म्हणजे एक, सितैन साठ, मया शंभर, अलफ हजार. एकंदर ११६१. हा सन सूर्य मृगात शिरला की बदलतो, म्हणून त्याला मृगसाल म्हणत. शेतकऱ्याच्या पेरणीशी जुळणारे हे वर्ष. मृगापासून डिसेंबरअखेरपर्यंतची मिती असेल तर ५९९ मिळवायचे, जानेवारीपासून पुढच्या मृगापर्यंतची असेल तर ६००. म्हणजे या पत्राचे वर्ष १७६०-६१. हेच ते पानिपताचे साल.

महिना आणि दिवस यांची तऱ्हा आणखी वेगळी. ‘छ’ हे अक्षर दिसले की समजायचे, हा चंद्र, म्हणजे मुसलमानी महिन्याची तारीख. हिजरी वर्ष सौर वर्षाहून सुमारे अकरा दिवसांनी लहान असल्यामुळे मोहरम कधी उन्हाळ्यात येतो, कधी थंडीत. दुसरे पत्र शके आणि तिथी देते. तेथे अधिक मास आहे का ते पाहायचे, तिथीचा क्षय किंवा वृद्धी झाली का ते पाहायचे. पत्र उत्तरेतून आले असेल तर तिकडे महिना पौर्णिमेला संपतो; आपल्या फाल्गुन वद्याला ते चैत्र वदी म्हणतात. हे विसरले तर एक महिना हातोहात सरकतो.

मग वार. लिहिणाऱ्याने तिथीसोबत वार दिला असेल तर संशोधकाला देव भेटल्यासारखे होते. एखादी तिथी दिलेल्या वारी पडण्याचा योग ढोबळमानाने सात वर्षांत एकदा. वर्षाविषयी शंका असेल तर वाराच्या एका शब्दाने सातांतली सहा वर्षे गळून पडतात. पानिपताची लढाई शके १६८२, विक्रम नाम संवत्सर, पौष शुद्ध अष्टमी, बुधवार, १४ जानेवारी १७६१ अशी नि:शंकपणे सांगता येते, ती ही सगळी अंगे जुळतात म्हणूनच.

हे गणित दर वेळी मुळापासून करायचे तर पत्र वाचायला दिवस आणि मिती काढायला आठवडा. त्यासाठी जंत्री, म्हणजे तिथी-तारखांचे तयार कोष्टक, लागते. कोल्हापूरचे बाळाजी प्रभाकर मोडक यांनी १७२८ ते १८८९ या वर्षांची जंत्री केली होती. शिवकाळ तिच्या आरंभापूर्वीच राहिला होता. ती उणीव गणेश सखाराम खरे यांनी भरून काढली. त्यांची ‘शिवकालीन संपूर्ण शकावली’, जिला अभ्यासक आजही नुसते ‘खरे जंत्री’ म्हणतात, शके १५५१ ते १६४९ अशी जाते. दोन्ही पुस्तके शेजारी ठेवली की १६२९ पासून १८८९ पर्यंत एकेका दिवसावर बोट ठेवत चालत जाता येते. अडीचशेहून अधिक वर्षांत एकही दिवस गाळलेला नाही. खरे जंत्रीच्या पानावर वाक्य म्हणून एकही नाही, नुसते रकाने. तरी शिवकाळावर लिहिणाऱ्या प्रत्येकाच्या टेबलावर ती असतेच.

एका जन्मतिथीची गोष्ट

मंडळाच्या इतिहासातले सर्वांत गाजलेले प्रकरण या पद्धतीची कसोटी पाहणारे ठरले. छत्रपती शिवाजी महाराजांचा जन्म वैशाख शुद्ध २, शके १५४९, म्हणजे इ. स. १६२७ मधला, अशी रूढ समजूत होती. बखरींनी ती सांगितली आणि शाळेच्या पुस्तकांनी पक्की केली.

मंडालेहून १९१४ साली सुटून आलेल्या लोकमान्य टिळकांनी १९१६ साली मंडळाच्या चौथ्या संमेलनाच्या वृत्तात ‘जेधे शकावली’ प्रसिद्ध केली. भोरजवळच्या कारीच्या जेधे देशमुखांच्या घरातली ही टाचणे. शके १५४० पासून १६१९ पर्यंतच्या घटनांच्या त्रोटक नोंदी. अलंकार नाहीत, संवाद नाहीत; साल, मिती आणि झालेली गोष्ट. तिच्यात महाराजांचा जन्म शके १५५१, शुक्ल संवत्सर, फाल्गुन वद्य तृतीया, शुक्रवार असा दिला आहे. टिळक स्वतः कालगणनेत मुरलेले. ‘ओरायन’ लिहिणाऱ्या आणि पंचांगशोधनासाठी झटणाऱ्या माणसाला या कोरड्या ओळीची किंमत लगेच कळली.

वाद पेटला आणि तो दीर्घकाळ चालला. पण मंडळाने तो आवाजाने न लढता कागदांनी लढवला. सदाशिव महादेव दिवेकर यांना तंजावरात कवींद्र परमानंदाचे ‘शिवभारत’ हे संस्कृत काव्य मिळाले. मंडळाने ते १९२७ साली प्रसिद्ध केले. परमानंद महाराजांच्याच काळातला. त्याने शक भूतसंख्येने सांगितला आहे, म्हणजे आकड्यांऐवजी पृथ्वी, बाण, प्राण आणि चंद्र या अर्थाचे शब्द घालून. असे आकडे उजवीकडून डावीकडे वाचायचे असतात, आणि येथे कोणी नवशिका चुकून उलटा गेला तरी बिघडत नाही : १५५१ दोन्ही बाजूंनी १५५१च. तिथीही जेध्यांचीच. शिवाय जोधपूरकडच्या जुन्या कुंडल्यांच्या संग्रहात महाराजांची कुंडली निघाली, तीही याच दिवसाची. मावळातला देशमुख, ज्याचे काव्य तंजावरला पोचले तो कवी आणि मारवाडातला ज्योतिषी; तिघांनी संगनमत करण्याची शक्यता नव्हती. दत्तात्रय विष्णू आपटे आणि दिवेकर यांनी १९२५ साली संपादिलेल्या ‘शिवचरित्रप्रदीपा’त जेधे शकावलीसह अशा शकावल्या एकत्र आल्या, आणि पुढच्या प्रत्येक चर्चेचा तो पाया झाला.

२००१ साली महाराष्ट्र शासनाने १९ फेब्रुवारी १६३० ही तारीख स्वीकारली. जेधे शकावली छापून झाल्याला तेव्हा पंच्याऐंशी वर्षे लोटली होती. एक आठवण हलवायला एवढा वेळ लागतो, आणि ते अस्वाभाविकही नाही.

या तारखेत अजून एक मौज आहे. १९ फेब्रुवारी ही ज्युलियन, म्हणजे जुन्या पद्धतीची तारीख. आज आपण वापरतो त्या ग्रेगरियन गणनेने तो शुक्रवार १ मार्च १६३० ला येतो. पोप ग्रेगरीने १५८२ साली सुधारणा केली. गोव्याच्या पोर्तुगिजांनी ती स्वीकारली, पण इंग्रज १७५२ पर्यंत जुन्यालाच चिकटून राहिले. त्यामुळे शिवकाळात सुरतेच्या इंग्रज वखारीतला कारकून आणि गोव्यातला पोर्तुगीज अधिकारी एकाच दिवशी पत्र लिहायला बसले, तर त्यांच्या तारखांत दहा दिवसांचे अंतर पडे. गोव्याच्या दप्तरखान्यात पांडुरंग पिसुर्लेकरांनी मराठ्यांच्या इतिहासाचे पोर्तुगीज कागद उजेडात आणले, तेव्हा पुण्याच्या अभ्यासकांना हे दहा दिवस हिशेबात धरावे लागले. नाही तर मोहिमेवर निघालेले सैन्य निघण्याआधीच पोचलेले दिसायचे. तिथीला मात्र या भानगडीचे सोयरसुतक नाही. फाल्गुन वद्य तृतीया सुरतेतही तीच आणि गोव्यातही तीच.

पोतदार आणि खरे

राजवाडे गेल्यानंतर मंडळ कोणी धरून ठेवले, या प्रश्नाला पहिले उत्तर दत्तो वामन पोतदार. महामहोपाध्याय ही पदवी, पुणे विद्यापीठाचे कुलगुरुपद हे मान त्यांना मिळाले; पण पुण्याला ते ठाऊक होते ते मंडळाचे चिटणीस म्हणून. पगडी, उपरणे आणि अखंड चाललेले बोलणे. त्यांनी लिहिले कमी आणि सांगितले फार, अशी तक्रार त्यांच्या चाहत्यांचीच असे. घराण्यांचे नातेसंबंध, कोणत्या वाड्यात कोणता रुमाल आहे, कोणाचे कोणाशी पटत नाही, म्हणून कोणाकडून कागद मागायचा, हे सारे त्यांच्या डोक्यात होते. आठवणीवर अविश्वास ठेवायला शिकवणाऱ्या संस्थेचा कारभार एका विलक्षण स्मरणशक्तीवर चालला, हा विनोद त्यांनाही आवडला असता.

दुसरे उत्तर गणेश हरी खरे. जंत्रीवाले ग. स. आणि हे ग. ह.; त्यात मिरजेचे वासुदेवशास्त्री धरले तर इतिहासात तीन खरे होतात आणि नवागताची त्रेधा उडते. ग. ह. १९०१ साली पनवेलला जन्मले आणि १९८५ साली गेले. मधला बहुतेक काळ मंडळात. आदिलशाही, मोगल फर्माने वाचणारा मंडळात कोणी हवा, म्हणून ते फारसी शिकले. ‘ऐतिहासिक फारसी साहित्या’चे खंड त्यांतून निघाले. मूर्ती, ताम्रपट, शिलालेख, नाणी यांपैकी काहीही समोर ठेवले तरी ते त्याचा काळ सांगू पाहत. ‘संशोधकाचा मित्र’ हे त्यांचे पुस्तक म्हणजे या धंद्यातली अवजारपेटी आहे : लिप्या, सन, मापे, परिभाषा. पोतदारांनी माणसे जोडली, खऱ्यांनी दिवस. मंडळाला दोन्ही लागत होते.

संग्रह आणि नित्यक्रम

सदाशिव पेठेतल्या मंडळाच्या वास्तूत सुमारे पंधरा लाख कागद आणि तीस हजारांच्या आसपास हस्तलिखिते आहेत. शिवाय नाणी, चित्रे, ताम्रपट आणि ग्रंथालय. यांतले विकत घेतलेले थोडे; बरेचसे घराण्यांनी विश्वासाने आणून दिलेले. ज्यांच्या पूर्वजांनी राजवाड्यांना दारातून परत पाठवले, त्यांच्याही नातवंडांनी पुढे रुमाल आणून दिले असतील.

कामाची रीत पहिल्यापासून साधी आहे. पाक्षिक सभा भरते. कोणी एक कागद, एक नाणे किंवा एखादी शंका घेऊन येतो, टिपण वाचतो, बाकीचे ते सोलून काढतात. तावून निघालेले टिपण त्रैमासिकात छापले जाते. १९२० साली सुरू झालेल्या या त्रैमासिकाचे जुने अंक आज चाळले तर दोन पानांचे, एका ताम्रपटाविषयीचे, रोखठोक लेख दिसतात. ‘शिवचरित्रसाहित्या’चे खंड असेच पत्रापत्राने साचत गेले. फार मोठे सिद्धान्त मंडळाने मांडले नाहीत, असा आक्षेप अधूनमधून येतो. तो खराही आहे. मोठे सिद्धान्त मांडणाऱ्यांना लागणाऱ्या विटा मात्र येथेच भाजल्या गेल्या.

आज भट्टीपाशी माणसे कमी आहेत. मोडी वाचणारे आहेत, पण लाखो कागदांच्या मानाने ते मूठभर. मोडी आणि फारसी दोन्ही वाचणारे त्याहून कमी. संगणकाने तिथीची तारीख क्षणात मिळते हे खरे. पण समोरची मिती शकाची आहे की सुहूर सनाची, लिहिणारा दक्षिणी की उत्तरेतला, आणि ‘छ’ पुढचा फाटलेला आकडा सहा की सोळा, हे यंत्राला आधी माणसानेच सांगावे लागते.

कंसातले चिन्ह

मंडळातल्या कागदांपैकी कित्येकांवर सालच नाही. लिहिणाऱ्याला त्याची गरज वाटली नाही. पत्र वाचणाऱ्याला वर्ष कोणते चालू आहे हे ठाऊकच होते; आपल्यासारखा तिसरा कोणी ते दोनशे वर्षांनी उघडील, हे त्याच्या गावी नव्हते. अशी पत्रे छापताना संपादक माथ्यावर अंदाजाचे साल कंसात घालतात आणि पुढे प्रश्नचिन्ह देतात.

या प्रश्नचिन्हांकडे पाहावे. ज्याने आयुष्यभर जंत्री चाळली, ज्याला वाटले असते तर ते चिन्ह सहज गाळता आले असते, त्याने ते ठेवले. सभेत कोणी विचारले असते तर त्याने एवढेच सांगितले असते की वार जुळत नाही. पुढे कधी तरी एखाद्या माळ्यावरून त्याच पत्राचे उत्तर निघेल, त्यावर तिथी असेल, तिथीपुढे वार असेल, आणि कोणी तरी तो कंस पुसून टाकील. तोवर रुमाल बांधून, क्रमांक घालून, कोरड्या जागी ठेवायचा. शके १८३२ च्या आषाढ प्रतिपदेपासून हेच चालू आहे.